सुरत नेमकी केवढी? महानगराची हद्द सरकार कशी मोजतं, आणि खान्देशच्या माणसाला त्याचं काय

नंदुरबार, दोंडाईचा, शिंदखेडा, अमळनेर या पट्ट्यात क्वचितच एखादं गाव असं सापडेल, ज्यातलं एकही घर सुरतेशी जोडलेलं नाही. कुणाचा भाऊ पांडेसराच्या मिलमध्ये, कुणाची बहीण लिंबायतला दिलेली, कुणाचा मुलगा उधन्याला लूमवर. गावात कुणी विचारलं, ‘कुठे असतो हल्ली?’ तर उत्तर एकच, ‘सुरतला.’ पण सरकारी कागदावर ही ‘सुरत’ एक नाही. महापालिकेची सुरत वेगळी, जनगणनेची वेगळी, विकास प्राधिकरणाची वेगळी आणि नीती आयोगाची तर थेट नवापूरच्या वेशीपर्यंत येते. कोणती सुरत धरली यावर लोकसंख्येचा आकडा बदलतो, देशातला क्रमांक बदलतो आणि निधी व भत्तेही बदलतात. हे सगळं कसं ठरतं, ते सोप्या भाषेत पाहू.

एका शहराच्या पाच हद्दी

पहिली हद्द महापालिकेची. सुरतेत नगरपालिका 1852 साली आली आणि 1966 साली तिची महापालिका झाली. 2006 च्या आधी महापालिकेचं क्षेत्र सुमारे 112 चौरस किलोमीटर होतं. 2006 मध्ये आजूबाजूची गावं आणि नगरपालिका जोडल्या गेल्या आणि ते एकदम 326 चौरस किलोमीटरवर गेलं. 2020 मध्ये सचिन-कनसाडचा भाग आणि आणखी गावं आत आली, तेव्हा क्षेत्र 460 चौरस किलोमीटरच्या पुढे गेलं. म्हणजे पंधरा वर्षांच्या आत शहर कागदावर चौपट झालं.

दुसरी हद्द सुरत नागरी विकास प्राधिकरणाची, म्हणजे ‘सुडा’ची. गुजरातच्या 1976 च्या नगररचना कायद्याखाली 1978 साली हे प्राधिकरण स्थापन झालं. शहराबाहेरच्या गावांत रस्ते कुठून जाणार, कुठली जमीन रहिवासी आणि कुठली शेतीची, याचा विकास आराखडा सुडा करतं. म्हणून सुडाची हद्द महापालिकेपेक्षा बरीच मोठी आहे. पुढे शहर जिथे पोचणार, ती जमीन आजच धरलेली असते.

तिसरी हद्द जिल्ह्याची. 2 ऑक्टोबर 2007 रोजी सुरत जिल्ह्यातून तापी जिल्हा वेगळा झाला आणि व्यारा त्याचं मुख्यालय झालं. त्यामुळे 2001 चा सुरत जिल्हा आणि 2011 चा सुरत जिल्हा यांची सरळ तुलना करता येत नाही. 2011 मध्ये उरलेल्या सुरत जिल्ह्याची लोकसंख्या सुमारे 60 लाख 81 हजार होती, तापीची सुमारे 8 लाख 7 हजार.

चौथी हद्द जनगणनेच्या ‘नागरी समूहा’ची. इंग्रजीत याला अर्बन अ‍ॅग्लोमरेशन म्हणतात. देशातल्या मोठ्या शहरांची जी यादी वर्तमानपत्रात छापून येते, ती बहुतेक वेळा या हद्दीवरून केलेली असते.

पाचवी हद्द आर्थिक क्षेत्राची. नीती आयोगाने शहरांभोवतीच्या प्रदेशांचे आर्थिक आराखडे करायचं ठरवलं, तेव्हा पहिल्या चार ठिकाणांत मुंबई, वाराणसी, विशाखापट्टणम यांच्यासोबत सुरत होती. 2024 मध्ये जाहीर झालेल्या सुरतच्या आराखड्यात सहा जिल्हे आहेत: सुरत, भरूच, नवसारी, वलसाड, तापी आणि डांग. यातल्या तापी, डांग, वलसाड अशा जिल्ह्यांच्या सीमा महाराष्ट्राला लागून आहेत.

याशिवाय मतदारसंघाची रेघ आहे, ती आणखी निराळी. लिंबायत, उधना, मजुरा, चोर्यासी हे विधानसभा मतदारसंघ सुरत शहर आणि परिसरातले, पण लोकसभेला ते नवसारी मतदारसंघात मोडतात. लिंबायतचा माणूस घरपट्टी सुरत महापालिकेला भरतो आणि खासदार नवसारीचा निवडतो.

‘शहर’ म्हणजे काय? जनगणनेचं उत्तर

महानगराच्या आधी शहर म्हणजे काय, ते ठरवावं लागतं. जनगणना दोन प्रकारची शहरं मानते.

पहिला प्रकार, कायद्याने शहर. जिथे महापालिका, नगरपालिका, नगरपंचायत किंवा छावणी मंडळ आहे ते शहर. तिथे लोक किती आणि धंदा काय, हे विचारलं जात नाही. राज्य सरकारने अधिसूचना काढली की झालं. नवापूर किंवा तळोदा शहर आहे ते याच नियमाने.

दुसरा प्रकार ‘जनगणना नगर’. इथे कारभार ग्रामपंचायतीचाच असतो, पण वस्ती शहरासारखी असते. त्यासाठी तीन अटी एकाच वेळी पूर्ण व्हाव्या लागतात:

• लोकसंख्या किमान 5,000
• मुख्य काम करणाऱ्या पुरुषांपैकी किमान 75 टक्के शेतीबाहेरच्या कामात
• दर चौरस किलोमीटरला किमान 400 लोक

1961 च्या जनगणनेपासून ही कसोटी थोड्याफार फरकाने चालत आली आहे. यात एक गोष्ट लक्षात येण्यासारखी आहे. कामाची अट फक्त पुरुषांवरून तपासतात. घरात बसून साडीला लेस लावणारी, टिकल्या चिकटवणारी बाई या हिशेबात येतच नाही, आणि सुरतेच्या वस्त्यांत हे काम घरोघरी चालतं.

जनगणना नगरांची संख्या किती झपाट्याने वाढली, ते बघा. 2001 मध्ये देशात अशी 1,362 नगरं होती. 2011 मध्ये ती 3,894 झाली. त्याच दहा वर्षांत कायद्याने झालेली शहरं मात्र 3,799 वरून 4,041 वरच गेली. म्हणजे गावं शहरं होत होती, पण नगरपालिका होत नव्हती. अशा ठिकाणी इमारती चार मजली, गटार मात्र ग्रामपंचायतीच्या बजेटमधून.

ग्रामपंचायतीलाही नगरपालिका नको असते, याला कारणं आहेत. कर वाढतो, बांधकामाचे नियम कडक होतात आणि ग्रामीण योजना हातातून जातात. 2005 च्या मनरेगा कायद्याने तर ग्रामीण भागाची व्याख्याच ‘नागरी स्थानिक संस्था किंवा छावणी मंडळाबाहेरचा भाग’ अशी केली होती. त्यामुळे जनगणनेने शहर म्हटलेलं गाव योजनेसाठी ग्रामीणच राहत होतं.

नागरी समूह कसा जोडतात?

आता मुख्य मुद्दा. 1971 च्या जनगणनेपासून ‘नागरी समूह’ ही कल्पना वापरात आहे. एक मूळ शहर, त्याला चिकटून असलेली दुसरी शहरं आणि त्यांच्या ‘बाह्यवाढी’, हे सगळं मिळून एक समूह. बाह्यवाढ म्हणजे शहराच्या हद्दीबाहेर पण त्याला लागून उभी राहिलेली वस्ती: रेल्वे कॉलनी, विद्यापीठाचा परिसर, बंदराची वसाहत वगैरे. तिथे पक्के रस्ते, वीज, नळ, शाळा, दवाखाना अशा शहरी सोयी असाव्या लागतात. समूहात किमान एक तरी कायद्याने झालेलं शहर हवं आणि सगळ्यांची मिळून लोकसंख्या 20,000 पेक्षा कमी नको. 2011 मध्ये देशात असे 475 समूह होते.

या नियमाचा कणा आहे ‘लागून असणं’. वस्ती सलग हवी. मधे शेतं आली की समूह तुटतो. नवसारी सुरतेपासून तीसेक किलोमीटरवर. रोज सकाळी लोकलने हजारो माणसं सुरतेला कामावर येतात, संध्याकाळी परत जातात. तरी सुरतेच्या नागरी समूहात नवसारी नाही. 1 जानेवारी 2025 पासून नवसारीची स्वतःची महापालिका झाली आहे. माणसं रोज कुठे ये-जा करतात, हे भारताची व्याख्या विचारत नाही.

आकडे बोलतात तेव्हा

2001 मध्ये सुरत महापालिकेच्या हद्दीत सुमारे 24 लाख 34 हजार लोक होते आणि नागरी समूहात सुमारे 28 लाख 12 हजार. म्हणजे पावणेचार लाखांवर माणसं ‘सुरतेत’ राहत होती, पण महापालिकेबाहेर.

2011 मध्ये महापालिकेत सुमारे 44 लाख 67 हजार आणि समूहात सुमारे 45 लाख 91 हजार. फरक उरला सव्वा लाखाच्या आसपास. बाहेरची माणसं कुठे गेली? कुठेच नाही. 2006 मध्ये महापालिकेची रेघच त्यांच्या घरापलीकडे सरकली.

आता वाढीचा दर काढा. महापालिकेचे आकडे धरले तर सुरत दहा वर्षांत 83 ते 84 टक्क्यांनी वाढली. नागरी समूह धरला तर 63 टक्क्यांनी. दोन्ही आकडे सरकारी, दोन्ही खरे. पण पहिल्यात नव्याने आलेल्या माणसांसोबत नव्याने जोडलेल्या गावांतली जुनी माणसंही मोजली गेली आहेत. ‘सुरतेत एवढे लोंढे आले’ असं कुणी सांगितलं, तर आधी विचारावं: हद्द कोणती धरली?

क्रमांकाचंही तसंच. 2011 मध्ये कोलकाता महापालिकेत सुमारे 45 लाख लोक होते आणि सुरत महापालिकेत 44 लाख 67 हजार. दोन्ही शहरं जवळपास सारखी. पण नागरी समूह पाहिला तर कोलकाता 1 कोटी 41 लाख आणि सुरत 46 लाखांच्या आत. कारण कोलकात्याभोवती हावडा आणि डझनावारी वेगळ्या नगरपालिका आहेत, तर सुरतेने आपले शेजारी पोटात घेतले. उलट पुणे महापालिकेत सुमारे 31 लाख, पण पिंपरी-चिंचवड आणि छावण्या धरून समूह 50 लाखांवर. त्यामुळे महापालिकांच्या यादीत सुरत पुण्याच्या पुढे आणि समूहांच्या यादीत पुण्याच्या मागे, नवव्या क्रमांकावर.

‘महानगर’ हा शब्द घटनेत

‘मेट्रो सिटी’ आपण सहज म्हणतो. कायद्यात त्याचा अर्थ ठरलेला आहे. 74 वी घटनादुरुस्ती 1 जून 1993 पासून लागू झाली. तिच्यातल्या कलम 243 पी प्रमाणे महानगर क्षेत्र म्हणजे 10 लाख किंवा अधिक लोकसंख्येचं, एक किंवा अधिक जिल्ह्यांत पसरलेलं आणि दोन किंवा अधिक पालिका, पंचायती किंवा लागून असलेले भाग मिळून झालेलं क्षेत्र. पण त्यासाठी राज्यपालांची अधिसूचना लागते. लोकसंख्या आपोआप महानगर करत नाही. अशा क्षेत्रासाठी महानगर नियोजन समिती असावी आणि तिचे किमान दोन तृतीयांश सदस्य निवडून आलेल्या नगरसेवक व पंचायत अध्यक्षांतून यावेत, असं कलम 243 झेडई सांगतं.

जनगणना मात्र 10 लाखांच्या वरच्या समूहांना आणि शहरांना सरळ ‘दशलक्षी’ म्हणते. 2001 मध्ये अशी 35 होती, 2011 मध्ये 53. रिझर्व्ह बँकही 10 लाखांच्या वरचं केंद्र ‘महानगरी’ धरते, 1 ते 10 लाख ‘शहरी’, 10 हजार ते 1 लाख ‘निमशहरी’ आणि त्याखाली ‘ग्रामीण’. आयकराच्या 1962 च्या नियमांत मात्र घरभाड्याच्या सवलतीसाठी दिल्ली, मुंबई, कोलकाता आणि चेन्नई एवढीच चार मोठी शहरं होती. तिथे पगाराच्या 50 टक्क्यांपर्यंतचा हिशेब, बाकी सगळीकडे 40 टक्के. सुरत एका खात्यात महानगर, दुसऱ्या खात्यात ‘बाकी सगळीकडे’.

खिशाशी संबंध कुठे येतो?

केंद्र सरकारच्या कर्मचाऱ्यांचा घरभाडे भत्ता शहराच्या वर्गावर ठरतो. 50 लाख आणि त्यावर एक्स, 5 ते 50 लाख वाय, त्याखाली झेड. मोजमाप नागरी समूहाचं. महागाई भत्ता 50 टक्क्यांवर गेल्यानंतर सातव्या वेतन आयोगाच्या रचनेत हे दर मूळ पगाराच्या 30, 20 आणि 10 टक्के झाले. सुरत 2011 च्या आकड्याने 46 लाखांच्या आत, म्हणून वाय. अहमदाबाद आणि पुणे एक्स. 50,000 रुपये मूळ पगाराच्या रेल्वे कर्मचाऱ्याला पुण्यात 15,000 मिळतात, उधन्याला 10,000. उधन्याचं भाडं आज काय आहे, हे तिथे खोली शोधणाऱ्याला विचारा. पण हिशेब 2011 चाच.

दुसरं, शहरांचा निधी. पंधराव्या वित्त आयोगाने 10 लाखांवरच्या नागरी समूहांसाठी वेगळी तरतूद केली. हवा शुद्ध ठेवणं, पाणीपुरवठा आणि स्वच्छता यांच्या कामगिरीशी ती जोडली होती. सुरत त्यात होती. महाराष्ट्रात 2011 च्या यादीत मुंबई, पुणे, नागपूर, नाशिक, वसई-विरार आणि औरंगाबाद एवढेच दशलक्षी समूह होते. खान्देशातलं एकही शहर नाही.

बाहेरच्या देशांत काय करतात?

अमेरिकेत महानगर मोजताना रोजचा प्रवास बघतात. 50,000 लोकवस्तीचा गाभा असेल तर त्याचा जिल्हा मध्यवर्ती धरतात. शेजारच्या जिल्ह्यातले किमान 25 टक्के कामगार तिथे कामाला जात असतील, किंवा तिथून येत असतील, तर तो जिल्हाही जोडतात. मधे शेतं आहेत की जंगल, याने फरक पडत नाही. अमेरिकेचा समूह राज्याची सीमाही ओलांडतो. न्यूयॉर्कचं महानगर शेजारच्या न्यू जर्सीतही पसरलेलं आहे. युरोपात हीच कल्पना 15 टक्क्यांच्या अटीवर चालते.

संयुक्त राष्ट्रांच्या सांख्यिकी आयोगाने 2020 मध्ये तिसरा मार्ग मान्य केला. नकाशावर एक-एक चौरस किलोमीटरचे चौकोन आखायचे. ज्या सलग चौकोनांत दर चौरस किलोमीटरला 1,500 लोक आणि एकूण किमान 50,000 लोक असतील ते शहर. पालिका आहे की पंचायत, विचारायचंच नाही. 2025 च्या जागतिक नागरीकरण अहवालात ही पद्धत वापरली आणि वर्षानुवर्षे पहिलं असलेलं टोकियो तिसऱ्या क्रमांकावर गेलं. जकार्ता सुमारे 4 कोटी 20 लाखांवर पहिलं, ढाका दुसरं. माणसं तीच, मोजपट्टी बदलली.

भारतात प्रवासाची माहिती अगदीच नाही असं नाही. 2011 च्या जनगणनेत शेती आणि घरगुती उद्योगाबाहेरच्या कामगारांना विचारलं होतं की कामाची जागा घरापासून किती किलोमीटर आणि जाता कशाने. पण या उत्तरांचा उपयोग शहराची हद्द ठरवायला केला गेला नाही.

राज्याची रेघ आणि नवापूरचा फलाट

नवापूर रेल्वे स्टेशन प्रसिद्ध आहे ते दोन राज्यांच्या सीमेमुळे. स्टेशनचा एक भाग महाराष्ट्रात, दुसरा गुजरातेत. पण भारतातला नागरी समूह राज्याची सीमा ओलांडत नाही. गाझियाबाद आणि फरिदाबाद दिल्लीला चिकटलेले असूनही जनगणनेत वेगळे मोजले जातात, ते याच कारणाने. नीती आयोगाचं सुरत आर्थिक क्षेत्रही तापी जिल्ह्याशी, म्हणजे नवापूरच्या दाराशी येऊन थांबतं. नंदुरबारची माणसं, मिरची आणि भाजीपाला रोज त्या क्षेत्रात जातात, पण नियोजनाच्या टेबलावर नंदुरबारला खुर्ची नाही.

आपली माणसं कुठे मोजली जातात?

सीमेवरच्या जिल्ह्यांसाठी खरा प्रश्न हा आहे. जनगणनेचा साधा नियम असा: मोजणीच्या संपूर्ण काळात जो माणूस गावी नसतो, त्याची नोंद गावच्या घरात होत नाही. तो जिथे असतो तिथे होते. 2011 मध्ये मोजणी 9 ते 28 फेब्रुवारी या काळात झाली. त्या महिन्यात नंदुरबार, डांगमधली ऊसतोड कुटुंबं बारडोली भागातल्या फडांवर असतात. ती तिथल्या पडावात मोजली जातात, सुटून गेली तर कुठेच नाहीत. पांडेसराच्या खोलीत सात जण राहणारे कारागीर सुरतेच्या आकड्यात जातात, मग त्यांचं रेशनकार्ड आणि मत गावाकडे असलं तरी.

याचे परिणाम दोन्हीकडे होतात. गावाकडची लोकसंख्या कमी दिसते, त्यावरून शाळा, आरोग्य केंद्र, निधी ठरतो. सुरतेत संख्या वाढते, पण ती पंधरा वर्षं जुन्या यादीवर चालते. सुरत महापालिका गुजराती, हिंदी, उर्दू, उडियासोबत मराठी माध्यमाच्याही शाळा चालवते. वस्तीत मराठी कुटुंबं किती, याचा नवा आकडा अशा शाळांसाठीही लागतो.

2027 ला काय बघायचं?

2021 ची जनगणना झाली नाही. जून 2025 च्या अधिसूचनेनुसार पुढच्या जनगणनेची संदर्भ तारीख 1 मार्च 2027 आहे. प्रशासकीय हद्दींत बदल करायची मुदत 31 डिसेंबर 2025 होती, त्यानंतर मोजणी होईपर्यंत हद्दी गोठवलेल्या आहेत. म्हणजे सुरत महापालिका 2020 च्या वाढीव हद्दीसह मोजली जाणार. 2011 चा आकडा 326 चौरस किलोमीटरचा, 2027 चा 460 पेक्षा जास्त चौरस किलोमीटरचा. दोन्हींची वजाबाकी करून ‘सुरत एवढी वाढली’ असे मथळे येतील. त्यावेळी वाढलेल्या क्षेत्राचा भाग बाजूला काढूनच वाचावं. नागरी समूह 50 लाखांच्या वर गेला तर सुरतेचा वर्गही बदलू शकतो.

आणि मोजणी फेब्रुवारीतच आहे, ऊसतोडीच्या हंगामात. प्रगणक दारात येईल तेव्हा तीन गोष्टी नीट सांगाव्यात: जन्म कुठला, याआधी कुठे राहत होता आणि इथे कशासाठी आला. ‘इथलाच आहे’ म्हणून मोकळं होऊ नये. धुळे-नंदुरबार-जळगावातून सुरतेला किती माणसं गेली, हे या तीन उत्तरांवरूनच कळतं. पडावावर, कारखान्यात, भाड्याच्या खोलीत असलेल्या आपल्या माणसांना गावातून फोन करून हे आधी सांगून ठेवलेलं बरं. तिथे नोंद राहिली, तर ती माणसं ना सुरतेच्या आकड्यात येतील ना गावच्या.